सातव्या होलवरची कळशी

देवणमळच्या सड्यावर एका आठवड्यात दोन कागद आले, आणि दोन्ही सत्यवतीच्याच दारात आले.

पहिला डिचोलीच्या मामलेदार कचेरीतून. आपण मुंडकार, म्हणजे मालकाच्या संमतीनं त्याच्या जमिनीत घर करून राहणारे आहोत, राहतं घर आपल्या नावावर व्हावं, असा अर्ज तिनं केला होता. त्या अर्जाला गोल्फ क्लबनं दिलेल्या उत्तराची ती नक्कल होती. क्लबचं म्हणणं असं की, सातव्या होलच्या वाटेत जे कौलारू घर उभं आहे ती क्लबनं १९९१ साली आपल्या गवत कापणाऱ्या बाईला दिलेली खोली आहे. बाई आता कामावर नाही. तेव्हा खोली रिकामी करून मिळावी.

दुसरा कागद जाड, गुळगुळीत, सोनेरी कडेचा. क्लबला पन्नास वर्षं पूर्ण होत असून त्यानिमित्त इतिहासाचं पुस्तक निघणार आहे. सुरुवातीच्या काळातली जाणती व्यक्ती आता एकच उरली आहे, ती म्हणजे श्रीमती सत्यवती गावस. तरी त्यांनी आपल्या आठवणी सांगून उपकृत करावं.

दोन्ही कागदांखाली सही एकाच माणसाची होती, क्लबचे सेक्रेटरी देवेशबाब यांची. उजव्या हातानं पहिली केली आणि डाव्या हातानं दुसरी, असंही नव्हतं. दोन्ही सह्यांना तोच झोकदार फराटा होता.

सत्यवतीचा मुलगा रुद्रेश पूर्वी खनिजाचा ट्रक चालवायचा. खाणी बंद पडल्यापासून मोरजीच्या हॉटेलांतल्या पाहुण्यांना टॅक्सीनं विमानतळावर सोडतो. त्यानं दोन्ही कागद वाचून दाखवले आणि दुसरा चुलीत घालायला निघाला. सत्यवतीनं तो त्याच्या हातातून काढून घेतला, फडक्यात गुंडाळला आणि देव्हाऱ्याच्या मागे ठेवला.

"तेंका माजी गरज पडली आसा," ती म्हणाली. "पन्नास वर्सांत पयल्यांदाच."

सत्यवती मूळची दोडामार्गकडची. १९७२ साली लग्न होऊन या सड्यावर आली तेव्हा इथं काजूची झाडं, जांभा दगड आणि सासऱ्यांचं हे एकच घर होतं. सासरे भाटकाराचे, म्हणजे जमीनमालकाचे, काजू राखायचे. भाटकारानं तोंडानं सांगितलं, इथंच घर बांधून राहा, आणि त्यांनी बांधलं. तेव्हा भाटकाराचा शब्द म्हणजे कागदच. आता भाटकार गेला, सासरे गेले, नवरा गेला, आणि शब्दही त्यांच्याबरोबर गेला. मोजणीवाले त्या काळी सड्यावर चढलेच नाहीत, खालूनच बोट दाखवून गेले, म्हणून नकाशात घर नव्हतं. विजेचं पहिलं बिल १९९२ चं. आणि नवरा गेल्यावर १९९१ पासून तिनं क्लबचं गवत कापलं, हे तर खरंच होतं.

तिची वकील गौरवी मळीक डिचोली बाजारात एका औषधाच्या दुकानाच्या माडीवर बसायची. वयानं लहान, पण खोटा धीर न देणारी. भाटकाराच्या संमतीनं त्याच्या जमिनीत घर बांधून राहिला त्याला कुणी काढू शकत नाही, पण मालकानं नोकराला दिलेली खोली नोकरीबरोबर जाते, हे तिनं समजावून सांगितलं. घर क्लबच्या आधीचं आहे असं दाखवणारा एक तरी पुरावा हवा. साक्षीला शेजारी चालतील का, म्हणून सत्यवतीनं विचारलं. गौरवी म्हणाली, शेजारी म्हणजे क्लबच ना, आजी.

तर असा शेजारी एका सकाळी गाडीतून उतरला. देवेशबाब पांढरी पँट घालून अंगणात आले, वाळत घातलेल्या कोकमाच्या सोलांना वळसा देऊन खुर्चीवर बसले, आणि कचेरीतला कागद जणू दुसऱ्याच कुणी लिहिला असावा अशा मायेनं त्यांनी तब्येत विचारली.

त्यांची अडचण खरी होती. क्लबची नोंदणी होती १९८३ ची. पण तिकडे पेडण्यात, विमानतळाच्या बाजूला, अठरा होलचा नवा क्लब उभा राहत होता. त्याच्याकडे दिल्लीचे मेंबर होते, विजेवर चालणाऱ्या गाड्या होत्या, परदेशातून आणलेलं गवत होतं. नव्हतं ते फक्त वय. म्हणून देवणमळच्या कमिटीनं ठरवलं की आपण म्हातारं व्हायचं. जुन्या भाटकारानं १९७५ साली इथं पहिली टूर्नामेंट भरवली होती असं सगळे ऐकून होते. पण कागद नाही, फोटो नाही, खेळलेला एकही माणूस हयात नाही. घर हवं होतं सातवा होल लांबवण्यासाठी आणि तिथं तळं करण्यासाठी. घरातली म्हातारी हवी होती पन्नाशीसाठी. या दोन गोष्टी एकमेकींना चिकटलेल्या आहेत हे देवेशबाबांच्या ध्यानात आलं नाही. जमिनीची कमिटी मंगळवारी बसायची आणि उत्सवाची शुक्रवारी.

"माजी कळशी पयली दिया," सत्यवती म्हणाली, "मगे इतिहास."

कुठली कळशी, ते देवेशबाबांना माहीत होतं. क्लबच्या हॉलमध्ये काचेच्या कपाटात, सगळ्या चांदीच्या कपांच्या मागे, एक तांब्याची काळपट कळशी होती. 'पहिला चषक' अशी चिठ्ठी तिच्या गळ्यात होती. ती क्लबची ठेव आहे, आता देता येणार नाही, असं ते गोड शब्दांत म्हणाले. सत्यवतीनं हट्ट धरला नाही. मग ती कशी मिळाली तेवढं तरी खरं लिहा, म्हणाली, आणि सांगायला बसली.

तिनं सांगितलं ते असं. भाटकाराच्या खाणीचं खनिज मुरगावहून बोटीनं जपानला जायचं. ते घेणारे साहेब यायचे तेव्हा त्यांना आपलं जेवण चालायचं, फेणीसुद्धा चालायची, पण गोल्फ नाही म्हणून ते उदास व्हायचे. गिऱ्हाईक उदास झालं तर भाव पडतो. भाटकारानं काजूची चाळीस झाडं तोडून मैदान काढलं. हिरवळ कुठली, मे महिन्यात सड्यावर शेणसुद्धा दुपारपर्यंत वाळतं. होलभोवती खनिजाची बारीक भुकटी पसरली, तिच्यावर ट्रकांचं जळकं ऑईल शिंपडलं, आणि त्या काळ्यातांबड्या चकतीला सगळे 'ग्रीन' म्हणू लागले. पहिल्या टूर्नामेंटला पाचजण होते. भाटकार, त्याचा इंजिनिअर, डिचोलीचे एक डॉक्टर आणि दोन जपानी. कोण जिंकणार याची काळजी नव्हती, मोठा जपानी जिंकणार हे आदल्या दिवशी जेवतानाच ठरलं होतं. तरी त्याचा चेंडू भलतीकडेच जायचा. मग डॉक्टर आपला चेंडू मुद्दाम झुडपात मारायचे आणि भाटकार टाळ्या वाजवायचा. घामाच्या धारा लागल्या, जपान्याची पांढरी पँट गुडघ्यापर्यंत तांबडी झाली, पण शेवटी तो जिंकला.

आता कप द्यायचा, तर कपाचा पत्ता नाही. बेळगावहून निघालेला कप वाटेत अडकला होता. भाटकारानं इकडं तिकडं पाहिलं. समोर एकच घर, घराच्या ओट्यावर पाणी भरून ठेवलेली कळशी. त्यानं पाणी ओतून टाकलं आणि कळशी जपान्याच्या हातात दिली. जपानी कमरेत वाकला, कळशी डोक्यावर धरली, आणि जाताना ती इथंच राहू दे, दरवर्षी जिंकणाऱ्याला देत जा, असं म्हणाला. तेव्हापासून ती राहिली.

"फाल्यां आणून देतंय म्हणालो भाटकार," सत्यवती म्हणाली. "सासूनं माका वर्सभर मातीच्या मडक्यात पाणी भरूक लायल्यान. बापाशीनं दिल्ली कळशी सांबाळूक येणा नाय म्हणान."

देवेशबाब लिहीत होते. त्यांच्या चेहऱ्यावर उजेड पडला होता. त्यांनी आणखी विचारलं, तिनं आणखी सांगितलं. ज्या वर्षी शिगम्याचं रोमट, म्हणजे मिरवणूक, ढोल वाजवत चौथ्या होलवरून गेलं आणि फायनल तासभर थांबली ते वर्ष. ज्या वर्षी बैलानं चेंडू गिळला आणि तो पोटातून निघेपर्यंत थांबायचं की नवा घ्यायचा यावर इंजिनिअर आणि डॉक्टर कायमचे बोलेनासे झाले ते वर्ष. टूर्नामेंटचं नाव बदलत गेलं, जपानी कपाचा खनिज कप झाला, खाणी बंद पडल्यावर खनिज कपाचा मॉन्सून कप झाला. सातव्या होलवर आंधळेपणानं मारलेला चेंडू तिच्या अंगणात पडतो, आणि तो बाद धरायचा, हा नियम क्लबच्या कार्डावर पहिल्यापासून छापलेला आहे. देवेशबाबांनी ते वाक्य तर दोनदा लिहून घेतलं. पहिल्यापासून, हा शब्द त्यांना फार आवडला.

उठताना त्यांनी एक शेवटची विनंती केली. पुस्तकात कळशीचा फोटो द्यायचा आहे, पण ती काळी पडली आहे. क्लबच्या माणसांनी पावडरीनं घासली तर आणखीच डागाळली.

"पावडर कित्याक?" सत्यवती म्हणाली. "बिंबलां लायची. माज्याकडे पाठवा."

दुसऱ्या दिवशी कळशी पन्नास वर्षांनी घरी आली, ती संध्याकाळपर्यंत परत करण्याच्या अटीवर. परसात बिंबलीचं झाड लगडलेलं होतं. सत्यवतीनं आंबट फळं ठेचली, मीठ घातलं आणि कळशी मांडीवर घेतली. तिला अक्षरओळख नव्हती. पण लग्नानंतर तीन वर्षं ही कळशी तिनं कमरेवर वागवली होती, आणि कळशीच्या पोटावर, गळ्याच्या खाली, टाकीनं कोरलेलं नाव कुठं आहे ते तिच्या बोटांना ठाऊक होतं. त्या काळी लेकीला दिलेल्या प्रत्येक भांड्यावर बाप नाव घालून घ्यायचा, म्हणजे सासरच्या गर्दीत भांडं हरवू नये. बोट बरोबर जागेवर गेलं. तिनं ती बाजू तासभर घासली. दुसऱ्या बाजूवर फक्त ओला हात फिरवला.

फोटोवाला आला त्यानं कळशी फिरवून पाहिली, आणि ज्या बाजूला सोन्यासारखी झळाळी होती ती बाजू पुढे केली. त्यात त्याची काही चूक नव्हती. दुसऱ्या कुणीही तेच केलं असतं.

सोहळा थाटात झाला. पडदे, फुगे, पेडण्याच्या क्लबचे लोक पहिल्या रांगेत. पुस्तकाच्या मुखपृष्ठावर कळशी होती, आणि तिच्यावरची अक्षरं आठ वर्षांच्या पोरालाही वाचता आली असती. 'चि. सत्यवतीस लग्नात, बाबांकडून, १९७२.' देवेशबाबांनी माईकवरून पहिल्या टूर्नामेंटची गोष्ट सांगितली. समोर एकच घर होतं, असं म्हणताना त्यांचा आवाज भरून आला. मग सत्यवतीला स्टेजवर बोलावून शाल आणि नारळ दिला. टाळ्या संपल्यावर तिनं पुस्तकाची एक प्रत मागून घेतली. आजीला वाचता येत नाही तरी केवढी हौस, असं पहिल्या रांगेत कुणीतरी कौतुकानं म्हणालं.

पुढच्या सोमवारी मामलेदारांपुढे सुनावणी होती. क्लबच्या वकिलांनी १९९१ चं पगाराचं रजिस्टर दाखवलं. गौरवीनं पुस्तक टेबलावर ठेवलं. मामलेदारांनी मुखपृष्ठ पाहिलं, चष्मा बदलून पुन्हा पाहिलं, आणि खूण घातलेलं पान निवांतपणे वाचलं. बैलापाशी आले तेव्हा त्यांच्या मिश्या हलल्या.

क्लबचे वकील हुशार होते. असली पुस्तकं कौतुकापोटी लिहिलेली असतात, त्यातल्या मजकुराला फार अर्थ नसतो, असं ते म्हणाले.

"म्हणजे यात लिहिलंय ते खोटं?" मामलेदारांनी विचारलं. "क्लब पन्नास वर्षांचा नाही?"

वकील हो म्हणणार होते. तेवढ्यात मागच्या बाकावरून देवेशबाब उठले. पुस्तकाच्या पाचशे प्रती वाटून झाल्या होत्या. एक पेडण्याच्या क्लबच्या अध्यक्षांच्या घरी होती. गेटवरचा 'पन्नास गौरवशाली वर्षे' हा फलक अजून उतरवला नव्हता. सत्यवतीनं मान वळवून त्यांच्याकडे पाहिलं. तिचे हात पदराखाली घट्ट धरलेले होते, कारण हा माणूस आता खोटं बोलला तर तिचं घर जाणार होतं, आणि हा माणूस खोटं बोलू शकतो हे तिच्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं.

"क्लब पन्नास वर्षांचा आहे," देवेशबाब म्हणाले.

"आणि ही कळशी?"

"यांच्याच घरची."

"घर तेव्हा कुठं होतं?"

वकील त्यांचा कोट ओढत होते. देवेशबाबांनी तो सोडवून घेतला. "आता आहे तिथंच."

मामलेदारांनी ते लिहून घेतलं आणि त्याखाली देवेशबाबांची सही घेतली. तोच झोकदार फराटा.

निकाल महिन्याभरानं आला. घर आणि भोवतीची जागा सत्यवतीची ठरली. जमिनीच्या कमिटीत म्हणे मोठी वादावादी झाली, पण उत्सवाच्या कमिटीनं देवेशबाबांचा सत्कार केला. सातवा होल आखूडच राहिला आणि तळ्याचा नकाशा कपाटात गेला.

मग एका सकाळी देवेशबाब स्वतः कळशी घेऊन आले. कागदात गुंडाळलेली, वर लाल फीत. इतक्या वर्षांचं तुमचं मागणं, आता तरी पुरं करू द्या, म्हणाले. बिचारे मनापासून बोलत होते, की वकिलांनी पाठवलं होतं, ते सांगता येत नाही. वरच्या कचेरीत अपील करायचं झालं तर कपाटात कळशी नसलेली बरी, एवढं कुठल्याही वकिलाला कळतं.

सत्यवतीनं कागद सोडला. कळशीच्या पोटावरून बोट फिरवलं, एकदा, सावकाश. मग कागद होता तसा गुंडाळला आणि फीतही बांधली.

"नको," ती म्हणाली. "माज्या घरात आता नळ आसा. ही थंयच बरी, कपाटात. फक्त कपांच्या म्होरं ठेवा, नावाची बाजू भायर करून."

देवेशबाब उठले. कळशी छातीशी धरून गाडीकडे निघाले.

"आणि वर्साक एकदां घासूक आणा," तिनं ओट्यावरून सांगितलं. "पावडर लायशात तर नाव जायत."

गाडी वळली तोच सातव्या होलकडून एक चेंडू आला, कौलावर आपटला आणि घरंगळत सोलांच्या सुपात पडला. हातात काठी घेऊन एक नवा मेंबर कुंपणापाशी येऊन उभा राहिला आणि चेंडू मिळेल का म्हणून विचारू लागला. सत्यवतीनं चेंडू उचलला, पदराला पुसला, आणि खिडकीच्या कट्ट्यावर बाकीच्यांच्या ओळीत ठेवला. कार्ड वाच, असं तिनं त्याला हातानंच सांगितलं. नियम पहिल्यापासूनचा होता.