कूलरपुढचा इवाई

मी बोलतोय. मला बोलायला वेळ लागतो, आधी अंग तापावं लागतं. आता अंग तापलंय आणि डोकंही तापलंय, तेव्हा ऐकाच.

पहिली गोष्ट, मी घोरपड नाही. पाल नाही. पोरं ज्याला पाहिलं की दगड उचलतात, तो सरडाही नाही. मी बिअर्डेड ड्रॅगन. नाव इंग्रजी आहे, त्याला माझा इलाज नाही. माझ्या हनुवटीखाली काटेरी दाढी आहे. जिवावर बेतलं की ती फुगते आणि काळी पडते. या मे महिन्यात ती इतक्यांदा काळी पडली की मला स्वतःचा मूळ रंग आठवेना.

आमचं कूळ ऑस्ट्रेलियातल्या कोरड्या रानातलं. मी ते रान पाहिलेलं नाही, मी काचेच्या पेटीत अंड्यातून निघालो. पण कूळ कुठं सुटतं? तुमच्या पोटातली चूल आतूनच पेटते. आमची चूल बाहेर असते, वर आभाळात. अंगाला ऊब लागली तर घास पचतो, नाही तर तो पोटात पडून सडतो. माझ्याबद्दल एवढं एकच कळायचं होतं. आणि इथं आल्यावर तेवढंच कोणाला कळलं नाही.

मला पाळलं कुलदीपनं, पुण्यात शिकत असताना. पोरगा चांगला. पेटीत माझ्या डोक्यावर तापणारा दिवा लावायचा, नाकतोडे आणून द्यायचा, मला खांद्यावर बसवून अभ्यास करायचा. पुढं त्याला बंगळूरला नोकरी लागली. तिथल्या घरमालकाला मी चालणार नव्हतो. मग मार्च सरता सरता तो मला घेऊन आपल्या घरी आला, अमरावतीला.

पेटीचं झाकण उघडलं आणि मी तोंड वासून हवा घेतली. कोरडी, खमंग, तव्यावरची हवा! भिंतीसुद्धा तापलेल्या. टीव्हीवर सांगत होते, आज अकोल्याचा पारा अमरावतीच्या पुढं गेला, तर घरातले लोक हरल्यासारखे गप्प झाले. मी म्हटलं, बापा, आपण बरोबर गावी आलो. पूर्वजांचं रान याहून काय वेगळं असेल?

कुलदीपचे आजोबा, देवमन, माझ्या पेटीपुढं उकिडवे बसले. जन्मभर वांगी, पालक, सांभार म्हणजे तुमची कोथिंबीर पिकवून बाजारात विकलेला माणूस. बोटं मातीच्याच रंगाची झालेली. किती तरी वेळ ते मला नुसते पाहत राहिले. मी घाबरलो. घाबरलो की आम्ही पुढचा एक पाय उचलून हवेत हळूच फिरवतो. त्याचा अर्थ, मी लहान आहे, मला मारू नका.

देवमननं हात जोडले. “रामराम, इवाई.”

इवाई म्हणजे आमच्या वऱ्हाडात व्याही. सुनेला ते म्हणाले, पाहा बसला कसा दाढी फुगवून, आपल्या घरचं काईच पसंत नसल्यावानी. सून शालू, म्हणजे कुलदीपची आई, कणीक मळत होती. ती म्हणाली, “मामाजी, इवाई आला का चहा इचारा लागते. याले काय इचारू, झुरय?” झुरय म्हणजे झुरळ.

तेव्हापासून माझं नाव इवाई. त्या नावानंच माझा घात केला.

कुलदीपनं जाताना बजावलं, “आबाजी, याचा दिवा बंद नका करू. याले गरमीच लागते.” देवमननं मान हलवली. मान हलवणं म्हणजे ऐकलं. मानलं, असं नाही.

मे उजाडला. एके दिवशी देवमन बाहेरून आले, डोक्यावरचा ओला दुपट्टा सोडला, माझ्या पेटीत पाहिलं आणि संतापले. आभायातून आग पडून राहिली, आन् या मुक्या जिवाच्या डोस्क्यावर आणखी बलब? आपलं पोट्टं शिकलं, पण माया नाई शिकलं. आणि त्यांनी दिवा बंद केला.

एवढ्यावर थांबले असते तरी निभावलं असतं. पण वऱ्हाडात उन्हाळ्यात पाहुणा आला की त्याला पहिली बसायला देतात ती कूलरपुढची जागा. त्यातून इवाई असला, तर धन्यानं स्वतः उठायचं आणि आपली खाट त्याला द्यायची. तशी रीतच आहे. देवमनची खाट कूलरच्या ऐन तोंडासमोर होती. ती त्यांनी खिडकीकडं सरकवली आणि त्या जागी माझी पेटी ठेवली. वरची जाळीही काढून टाकली, वारा अडू नये म्हणून.

तो कूलर अकोल्याहून आणलेला, लोखंडी, दाराएवढा. तिन्ही बाजूंना खसाच्या, म्हणजे वाळ्याच्या, ओल्या ताट्या. सुरू झाला की बोललेलं ऐकू येत नाही. तुम्हाला तो वास सुखाचा वाटत असेल. मला विचारा. पाण्यात भिजवलेलं पोतं दिवसभर अंगावर झटकत राहावं, तसा तो वारा. बाहेर माझं सगळं सुख रस्त्यावर, भिंतीवर, गच्चीवर ओसंडून वाहत होतं, आणि मी घरात कुडकुडत होतो. वऱ्हाडात, मे महिन्यात थंडीनं कोणी मेल्याचं तुम्ही ऐकलंय का?

मी दाढी काळी केली. देवमन म्हणाले, गरमी झाली याले, आणि कूलरच्या टाकीत जास्तीच्या दोन बादल्या ओतल्या. मी खाणं सोडलं. ते म्हणाले, उन्हायात अन्न जातच नाई, मले तरी कुठं जाते. मी डोळे मिटले. ते शालूला म्हणाले, आवाज नको करू, आता कुठं शांत झोप लागली त्याले. कुलदीपचा फोन आला तर हसत सांगितलं, “तुहा इवाई मजेत हाये. कूलरपुढून उठाचं नावच घेत नाई.”

सांगा, कोणाच्या दाराशी जाऊन ओरडायचं? मला तर आवाजच नाही.

शेजारचे उत्तमराव रोज गुडघे चोळत यायचे. पेटीपुढं खुर्ची ओढून मला असं पाहायचे, जशी तेलाची बरणी. याचं तेल म्हणे सांध्याले लय गुणकारी असते. अरे, कोणी सांगितलं? माझ्यात कुठलं तेल आहे? असल्या ऐकीव गोष्टींपायी किती मुके जीव कढईत गेले असतील, त्याचा कोणी विचार करतो का?

आणि मग एका सकाळी मी हललो नाही. शालूनं केर काढताना पेटीला हात लावला, माझी शेपटी उचलून पाहिली, ती दोरीसारखी खाली पडली. मला सगळं ऐकू येत होतं, पण पापणी उचलायला ऊब नव्हती.

देवमन खाली बसले. उत्तमराव आले, आणि येताना रिकामी शिशी घेऊन आले. गेलाच आहे, वाया काहून जाऊ द्याचा, म्हणाले.

“इवाई हाये तो माह्या घरचा,” देवमन म्हणाले. आवाज चढवला नाही. “ठेव ते शिशी खाली.”

भर उन्हात खड्डा खणवणार नव्हता. ऊन उतरलं की मागच्या वाफ्यात पुरू, असं ठरलं. तोवर कुत्र्यामांजरानं ओढू नये म्हणून त्यांनी मला आपल्याच दुपट्ट्यात गुंडाळलं आणि गच्चीवर पाण्याच्या टाकीच्या सावलीत नेऊन ठेवलं. पलीकडं शालूच्या कुरडया वाळत होत्या. ती कुरकुरली, खायच्या वस्तूशेजारी मेलेलं जनावर. पण सासऱ्याचं तोंड पाहून तिनं कुरडयाच थोड्या सरकवल्या.

मी दुपट्ट्यात पडून होतो. खालून स्लॅब तापलेला. चारी बाजूंनी धगधगती, कोरडी, माझी हवा. आधी बोटं जागी झाली. मग पोट. मग सावली सरकली आणि उन्हाची एक पट्टी पाठीवर येऊन बसली. बापा, तो क्षण मी मरेपर्यंत विसरणार नाही.

शालू कुरडया उलटायला आली तेव्हा मी दुपट्ट्यावर चढून बसलो होतो, तोंड उघडं टाकून, तिच्याकडं टक लावून. तिच्या हातातली कुरडई पडली. मग ती कठड्यावरून वाकली आणि खाली हाक दिली, “मामाजी, फावडं ठेवा. तुमचा इवाई उठला.”

देवमन जिने चढून आले. त्यांना पाहून मी पाय उचलला, आता भीतीनं नाही. त्यांनी हात जोडले. तसेच खाली बसले.

शालू म्हणाली, “त्याले थंडी वाजून राहिली होती. कुलदीप सांगून गेला होता ना.”

“मी त्याले माही जागा देल्ली,” देवमन म्हणाले.

तेव्हा कुठं मला खिडकीकडं सरकवलेली ती खाट आठवली. दुपारभर कोंबट वाऱ्यात, घामानं निथळत, वर्तमानपत्रानं वारा घेत माझ्याकडं समाधानानं पाहणारा म्हातारा आठवला. घरातली एकुलती एक गार जागा त्यानं मला दिली होती. रागवावं तरी कोणावर? पण मी रागावलो, अजूनही रागावलेला आहे. माया करायची तर आधी समोरचा कोण आहे ते तरी विचारा!

आता पेटीऐवजी मला पिंजरा आहे, तोही गच्चीवर, अर्धा सावलीत, अर्धा उन्हात. रात्री खाली दिवा मिळतो. भोपळ्याची फुलं मिळतात, शालू स्वतः नाकतोडे पकडते, नाक मुरडत का होईना. अंगावर रंग आलाय. माझं झालं ठीक.

पण आता ऐका, खरा संताप इथं आहे. देवमनची खाट परत कूलरपुढं गेली, ती रिकामी पडून आहे. ऐन दुपारी ओला दुपट्टा डोक्याला बांधून, ऊन लागू नये म्हणून खिशात कांदा टाकून ते वर येतात आणि माझ्या पिंजऱ्याला टेकून बसतात. शालू खालून हाका मारून थकते. ते म्हणतात, “इवाई एकटा बसन काय?” दुपट्टा घटकेत वाळतो. ओठ वाळतात. काल उतरताना त्यांनी भिंत धरली, आणि किती तरी वेळ सोडली नाही.

या उन्हात मी जगतो. माणूस जगत नाही, हे या माणसाला कोण सांगेल? तुमच्यापैकी कोणी अमरावतीकडं येणार असाल, तर जरा वर या. त्यांचा हात धरा, खाली न्या, कूलरपुढं निजवा, दोन बादल्या पाणी जास्त ओता. मला एकट्यानं बसता येतं. आमच्या कुळाला तीच सवय आहे.

मी माझ्याकडून रोज सांगतो. ते समोर बसले की पाय उचलतो, हळूहळू फिरवतो. जा म्हाताऱ्या, खाली जा.

ते हात जोडतात. “रामराम, इवाई,” म्हणतात, आणि दुपट्टा टाकीच्या पाण्यात भिजवून, पिळून पुन्हा टेकून बसतात.