पेन्शनीत रेशन नसतं

सिन्नर फाट्याजवळच्या पत्र्याच्या डब्यांच्या कारखान्यात सात तारखेला पगार व्हायचा. त्या सात तारखेला मल्हारी शेजवळ नेहमीसारखे पाचच्या सुमारास आले, सायकल ओट्याला टेकवली, वॉचमनची खाकी टोपी खुंटीला लावली आणि चहा मागायच्या आधी पाकिटातल्या नोटा धोंडाबाईंच्या हातावर ठेवून म्हणाले, “माझं रेशन.”

धोंडाबाईंनी नोटा पदराच्या गाठीत बांधल्या आणि गवारीच्या शेंगा मोडायला परत बसल्या. त्यांची मुलगी लता दाराशी खुर्ची टाकून वाचत होती. पुस्तकातून डोकं वर न काढता तिनं विचारलं, “खानावळीचा हप्ता आला का, दादा?”

“मेसचा हिसाब साफ पाहिजे, मास्तरीणबाई,” असं म्हणून ते हसले. दर महिन्याला ती हेच विचारायची आणि ते हेच सांगायचे. मग त्यांनी चहा घेतला, सायकलच्या मागच्या चाकात हवा भरली, शेजारच्या कुसाबाईंच्या नळाला नवा वायसर बसवून दिला. जेवायला बसल्यावर गवार जून आहे म्हणून कुरकुरले आणि दुसऱ्यांदा वाढून घेतली.

दुसऱ्या दिवशी अकराच्या सुमारास कारखान्याच्या फाटकाशी, स्टुलावर बसल्या जागी ते गेले. पन्नाशी नुकती ओलांडली होती. एका ट्रकवाल्यानं फाटक उघडा म्हणून बराच वेळ हॉर्न वाजवला, मग चिडून खाली उतरला, तेव्हा कळलं.

मल्हारी तोफखान्यात होते. चोवीस वर्षांच्या नोकरीत त्यांनी जम्मूपासून देवळाली कॅम्पापर्यंत तोफा ओढणारी वाहनं चालवली आणि हवालदार होऊन बाहेर पडले. बाकी जगाला पगार मिळतो तो एक आकडा असतो. मल्हारींच्या लेखी तो कधीच एक नव्हता. मूळ पगार वेगळा, चांगल्या वागणुकीचा वेगळा, महागाईचा वेगळा, गणवेश नीट ठेवायचा वेगळा. केस कापायचा आणि कपडे धुवायचासुद्धा भत्ता होता. आणि सरकारनं जो पैसा ज्या कामाला दिला तो त्याच कामाला लागला पाहिजे, हा त्यांचा कायदा. रजेवर आले, की डोक्यावर कापण्यासारखं काही नसलं तरी ते न्हाव्याकडे जाऊन बसत. न्हावी म्हणायचा, हवालदारसाहेब, परवाच तर कापले. हे म्हणायचे, भत्ता मिळतो ना, मग कात्री फिरव. एकदा लताच्या वहीसाठी घरात पैसे नव्हते आणि त्यांच्या खिशात धुलाईचे होते. त्यांनी ते दिले नाहीत. चार दिवसांनी मूळ पगारातून वही आली. तेव्हापासून लताच्या डोक्यात या भत्त्यांविषयी एक तिडीक बसली, ती पुढे बी.ए., बी.एड. होऊन, हायस्कुलात मराठी शिकवायला लागूनही गेली नाही.

त्यातला सर्वांत छळणारा भत्ता रेशनचा. पलटणीत शिपाई लंगरात जेवतो, त्याचे पैसे त्याला लागत नाहीत. रजेवर घरी गेला, की तो लंगरात जेवत नाही, म्हणून तेवढ्या दिवसांचे रेशनचे पैसे हातात मिळतात. मल्हारी घरात पाऊल टाकल्या टाकल्या ते पैसे बायकोला देत. धोंडाबाई तेव्हा तरुण होत्या, त्यांना हसू यायचं. “नवरा हाय का गिऱ्हाईक?” असं त्या शेजारणींना विचारायच्या. पण हसता हसता त्याही शिकल्या. नवऱ्याचं जेवण सरकारकडून येतं, आणि जेवणाचा पैसा जेवणातच जातो, ही गोष्ट त्यांनी वर्षानुवर्षं पदराच्या गाठीत बांधली.

ते निवृत्त झाले तेव्हा लष्करानं घरच्यांना दिलेली खोली सोडावी लागली. लतानं शिक्षकांच्या पतपेढीचं कर्ज काढून जेल रोडला दोन खोल्यांचं घर घेतलं होतं. शाळा जवळ पडते, एवढंच ती सगळ्यांना सांगायची. आईबाप तिथं राहायला आले. धोंडाबाईंनी आल्या आल्या कुरकुर केली, की लेकीच्या घरचं खाऊ नये अशी जुनी चाल आहे. मल्हारींनी ती उडवून लावली. दीक्षा घेतलेली माणसं आपण, असलं काही मानायचं नाही, म्हणाले. आणि महिनाभरात वॉचमन झाले.

लता तेव्हा फार चिडली होती. पेन्शन घेऊन सुखानं बसायचं सोडून कुणाच्या फाटकावर सलाम ठोकायचे, आणि तेही मुलगी कमावती असताना? शाळेत काय सांगू? ते म्हणाले, सांग, बाप ड्यूटीवर आहे. तिनं मग बोलणं सोडलं आणि महिन्याला एक टोमणा तेवढा ठेवला.

आता टोमणा मारायला समोर कुणी नव्हतं. जलदान विधी झाला, पाहुणे गेले, आणि मग धोंडाबाईंनी जेवण कमी केलं. आधी लताच्या लक्षात आलं नाही. सकाळी अर्धी भाकरी, संध्याकाळी चहा. विचारलं तर भूक नाय. पुन्हा विचारलं, तेव्हा त्या शांतपणे म्हणाल्या, “माझं रेशन आता कशात धरलंय?”

लताला वाटलं दुःखानं बोलताहेत. पण त्या हिशोबानंच बोलत होत्या. नवरा होता तोवर त्याचं रेशन यायचं, त्याच्या पानात त्याही जेवायच्या. आता त्याच्या मागं बायकोला पेन्शन मिळणार, असं बँकेतला माणूस म्हणाला. त्यात रेशन असलं तर त्या राहतील. नसलं तर तो पैसा जेवणाचा नव्हे, मग घोटीला बहिरूकडे जातील. बहिरू त्यांचा भाचा. त्याची भातशेती होती आणि तिथं आवणी-निंदणी करून खाता येईल. लेकीच्या पगाराचं बसून खाणार नाहीत.

“आई, तुझे गुडघे चिखलात टिकतील का?”

“टिकतील तेवढं टिकतील.”

“आणि मी इथं एकटी?”

“तू शिकलेली हायेस,” धोंडाबाई म्हणाल्या. जणू शिकलेल्याला माणूस लागत नाही.

लता मग त्या पेन्शनीच्या मागं लागली. त्यात एक रुपया जरी जेवणाचा म्हणून कुठं लिहिलेला सापडला, तर आई राहणार होती. बँकेतल्या कारकुनानं सांगितलं, आम्हाला एकच रक्कम कळवतात, ती कशी काढतात ते तुमच्या रेकॉर्ड ऑफिसला विचारा. रेकॉर्ड ऑफिसला पत्र लिहिलं, तर उत्तरात छापील कागद आला, की अर्जासोबत पतिपत्नीचा एकत्र फोटो जोडावा. फोटो काढलेलाच नव्हता. तसं कळवलं, तर पुन्हा तोच कागद आला. शाळेतले गणिताचे सर म्हणाले, सोपं आहे, सगळी मिळकत मांडा आणि तिची टक्केवारी काढा. तिनं कागदावर सगळे भत्ते मांडले, न्हाव्याचासुद्धा, आणि बेरीज केली. ती बँकेतल्या आकड्याच्या आसपासही फिरकेना. सरांनी चष्मा पुसला आणि लष्कराचं गणित वेगळं असतं म्हणाले. एवढी पुस्तकं वाचलेली बाई, पण बापाचा पगार तिला वाचता येत नव्हता, आणि या सगळ्याचा राग तिला बापावरच येत होता. ज्या माणसानं आयुष्यभर एकेक भत्ता वेगळा ठेवला, त्यानं बायकोला एवढं एक का सांगून ठेवलं नाही?

शेवटी कुसाबाईंनी सांगितलं, की देवळाली कॅम्पात माजी सैनिकांना मदत करणारं एक ऑफिस आहे, तिथं झिपरू गावित म्हणून बसतात. शनिवारी सकाळची शाळा आटोपून लता बसनं गेली. गावित पेठकडचे, लष्करातले रिटायर क्लर्क. ठेंगणे, पिकलेल्या मिशांचे. बाजाराच्या टोकाला एका खोलीत टेबलामागं बसले होते आणि समोर बाकावर दोन बायका आपली पाळी यायची वाट बघत होत्या. लताची पाळी आली, तसा तिनं भत्त्यांचा कागद पुढं केला. गावितांनी तो वाचला आणि त्यावर एक लांब रेघ ओढली.

“यातलं हे सगळं काढून टाका, बाई. भत्ता माणूस नोकरीत असतो तोवरच. रेशन लंगर नाही म्हणून, धुलाई वर्दी आहे म्हणून. नोकरी संपली, भत्ते संपले. पेन्शन बसते ती हुद्द्यावर, पगारावर, नोकरीच्या वर्षांवर. तुमच्या आईची फॅमिली पेन्शन म्हणजे त्या पगारातलाच लहानसा वाटा.”

“म्हणजे रेशन नाही?”

“पेन्शनीत रेशन नसतं.”

लतानं आईचं सगळं सांगितलं. सांगताना आवाज चढला, तो तिनं खाली आणला. मग तिनं विचारलं, की ते आईला नुसतं एवढं सांगतील का, की यातले इतके रुपये रेशनचे आहेत. त्यांनी सांगितलं तर आई ऐकेल.

गावितांनी रेघ ओढलेला कागद पुन्हा वाचला. मग त्यांनी विचारलं, “हवालदार मल्हारी शेजवळ ना? तोफखाना, ड्रायव्हर?”

“तुम्ही ओळखत होता?”

“एकदाच आले होते. रिटायर झाल्यावर, पहिली पेन्शन हातात आली तेव्हा. हेच विचारायला, यात रेशन कुठलं ते. मी म्हटलं, हवालदारसाहेब, पेन्शनीत रेशन नसतं. ते म्हणाले, मग मी जेवू कशावर? मला वाटलं, थट्टा करतात. मी म्हटलं, लेकीकडे राहता ना, जेवा की. तर म्हणाले, लेकीनं ते घर शाळेसाठी घेतलंय, तिच्यावर कर्ज आहे. मी आलो तसा तिथं लादलेला आहे. उठले, कडक सॅल्यूट केला आणि गेले.” गावितांनी कागद परत दिला. “तुम्ही म्हणाल तर आईंना सांगतो खोटं. हवालदारांनाही तेव्हा खोटंच सांगायला हवं होतं, असं आता वाटतं.”

लता म्हणाली, नको, मी बघते. आभार मानायचे राहिले, ते बसमध्ये बसल्यावर तिच्या लक्षात आलं. नाशिकरोड येईपर्यंत तिनं खिडकीबाहेर काहीच पाहिलं नाही. लादलेला हा शब्द तिच्या बापाच्या तोंडी तिनं कधी ऐकला नव्हता. सहा वर्षं ते त्याच घरात त्या शब्दासकट जेवले, आणि दर सात तारखेला ती त्यांना खानावळीचं विचारत राहिली.

घरी आली तेव्हा दुपार कलली होती. धोंडाबाईंनी लुगडी गाठोड्यात बांधली होती. बहिरूचा निरोप आला होता, उद्या सकाळच्या गाडीनं न्यायला येतो म्हणून. भाकरी टोपलीत तशीच होती.

“काय म्हणाला तो?” धोंडाबाईंनी विचारलं. “हाय का रेशन?”

“नाही.”

धोंडाबाईंनी मान हलवली. त्यांना ते ठाऊकच असावं, असं ती मान म्हणत होती. त्या गाठोडं पुढं ओढायला वाकल्या, तशी लता गाठोड्यावर बसली. तिनं असं कधी केलं नव्हतं. धोंडाबाई बघत राहिल्या.

“ऊठ, लुगडी चुरगळतील.”

“चुरगळू दे,” लता म्हणाली. मग तिनं आईकडे पाहिलं नाही. दाराकडे, जिथं सायकल टेकलेली असायची त्या बाजूला पाहून बोलली, वर्गात शेवटच्या बाकापर्यंत ऐकू जावं तशी.

“दादा, हे घर मी शाळेसाठी घेतलं नव्हतं. शाळेला मी चालत गेले असते, कुठूनही. लहानपणापासून तुम्ही वर्षातून एकदा यायचात आणि पाहुण्यासारखे बसायचात. मला तुम्ही रोज घरी हवे होतात. तुम्हा दोघांसाठी घेतलं हे घर. तुमच्यासाठी घेतलं, दादा.”