भोक पडलेली नमितका

मित्रांनो, मी एक जुनी नमितका आहे. लग्न झालेल्या बाईने डोक्याला गुंडाळायचं तलम, लांबलचक वस्त्र म्हणजे नमितका. युक्रेनमधल्या पोल्तावाजवळच्या खेड्यात खारितिनाने जवसाचा धागा कातून मला स्वतःच्या हाताने विणलं. लग्नात मी तिच्या डोक्यावर चढले, मग पेटीत जाऊन बसले. आमच्याकडे बाईला तिच्या नमितकेतच पुरतात. म्हणजे शेवटी मी तिच्यासोबत जाणार, हे ठरलेलंच होतं. मी अगदी निवांत होते.

तिचा एकुलता एक मुलगा तिमिश ओडेसाला सिनेमाचा कॅमेरा चालवायचा. कोसॅक घोडेस्वारांच्या जुन्या लढायांचे मुके सिनेमे! एकदा तो घरी आला आणि त्याने थेट पेटीच उघडली.

"आई, ही दे ना. कॅमेऱ्यापुढे ताणली की सगळं धुकट दिसेल. फार पूर्वीचं काही आठवावं ना, तसं."

"वेड लागलंय का रे? मेल्यावर काय उघड्या डोक्याने जाऊ?"

"परत आणून देतो गं!"

दिली बाई तिने. मुलापुढे तिचं कधी काही चाललंय!

स्टुडिओत त्याने मला चौकटीवर ताणलं आणि जळत्या सिगारेटने माझ्या मधोमध भोक पाडलं. जीव कळवळला माझा! पण मग पडद्यावर पाहिलं. घोडे, भाले, माळरान सगळं धुक्यात, आणि मधे माझ्या भोकातून एका म्हातारीचा चेहरा तेवढा लख्ख. लढाईवर गेलेल्या मुलाची वाट बघणारी ती. लोक हुंदके देत होते. खरं सांगते, मी फुशारले.

तिमिशने शब्द पाळला, मला परत आणलं.

"जाळलीस की रे, गाढवा!" खारितिना ओरडली, आणि मग त्याला पोटभर जेवू घातलं.

सोव्हिएत सरकारच्या वरच्या साहेबांना मात्र सिनेमा रुचला नाही. "हे कसलं धुकं? कामगाराला यातलं काय कळणार?" त्यांनी फिती धुऊन कोऱ्या करायला लावल्या. पुढे एके दिवशी तिमिशलाही धरून नेलं. का, कुठे, कोणी सांगितलं नाही.

तेव्हापासून खारितिना खिडकीशी बसून माझ्या भोकातून रस्ता बघायची. शेजारीण मोत्र्याला ती म्हणाली, "मी मेल्यावर मला हीच गुंडाळ गं. भोक डोळ्यांवर येऊ दे. तो आला तर दिसायला नको?"

मोत्र्याने रडत रडत कबूल केलं. पण खारितिना वारली तेव्हा मोत्र्याचा धीर झाला नाही. "फाटक्यात कशी पाठवू तिला? लोक काय म्हणतील!" तिने स्वतःची कोरी नमितका आणून तिला गुंडाळली. मायेनेच केलं तिने, मी तिला दोष देत नाही. मला तिने पडदा म्हणून आपल्या घराच्या खिडकीला लावलं.

मित्रांनो, जुनं कापड बाजूला टाकण्याआधी जरा विचारा, ते कोणाला शब्द देऊन बसलंय. मी अजून खिडकीतच आहे. माझ्या भोकातून रस्ता लख्ख दिसतो. पण तिमिश आला, तर मी सांगू कोणाला?