धुऱ्यावरची तूर आणि अमेरिकेचा जज

मी दुलीचंद. तालुक्याच्या कोर्टात एकतीस वर्षं पुकारा करणारा शिपाई होतो. बाहेर कडुलिंबाखाली डुलक्या घेणारा पक्षकारही माझ्या आवाजानं खडबडून उठायचा. पण माझं स्वतःचं बोलणं त्या एकतीस वर्षांत कोणी ऐकून घेतलं नाही. म्हणून निवृत्त झाल्यावर मी गावच्या मंडईसाठी, म्हणजे दिवाळीनंतरच्या जत्रेसाठी, नाटक लिहिलं.

नाटक एझ्रा कोलवर. दीडशे वर्षांपूर्वीचा हा अमेरिकेतला माणूस मला एका म्हाताऱ्या वकिलाच्या रद्दीतल्या पुस्तकात भेटला. शेतकऱ्याचा पोरगा, पिठाच्या गिरणीत पोती उचलता उचलता कायदा शिकला, वकील झाला, जज झाला, आणि जज असतानाच निवडणुकीला उभा राहिला, तिकडे तसं चालतं. त्याच्यामागे सगळं बळ गिरणीमालकाचं. आणि ऐन निवडणुकीच्या तोंडावर त्याच गिरणीमालकानं मार्था नावाच्या विधवेची जमीन बळकावल्याचा खटला कोलसमोर आला. कोलनं निकाल मार्थाच्या बाजूनं दिला आणि निवडणूक हरला. इंग्रजी मला अर्धंच समजतं. उरलेलं मी कोर्टातल्या अनुभवानं भरून काढलं.

"अमेरिकेचा जज आपल्या मंडईत कोन पायते?" माझी बायको रुख्मिणी म्हणाली. "काऊन हसं करून घेऊन राहिले?"

तिला काय सांगणार? मार्था लिहिताना माझ्या डोळ्यांसमोर आमच्याच गावची धुरपताबाई बिसेन होती. तिचा नवरा सुखराम गेला आणि शेजारच्या कैलाशनं दोघांच्या धानाच्या शेतांमधला धुरा, म्हणजे बांध, आपला म्हणून दावा ठोकला. अकरा वर्षं मी तिचं नाव पुकारलं. अकरा वर्षं ती उठून आत गेली आणि पुढची तारीख घेऊन बाहेर आली. शेवटी दोन्ही वकिलांनी समझोता करून टाकला, अर्धा धुरा कैलाशला गेला. धुरपताबाईला साक्षीला एकदाही उभं केलं नाही. ते मला अजून सलतं. निदान मार्थाचा खटला तरी भर गावात शेवटपर्यंत ऐकला जावा, एवढीच माझी हाव होती.

दिवाळीनंतर गावची मंडई भरली. रात्रीचा खेळ वडशाच्या नामांकित नाटक कंपनीचा, दुपार आमच्या वाट्याला. मंडई समितीच्या गुड्डूनं आधीच बजावलं होतं, "काका, पब्लिक उठली का मी पडदा पाडतो. मंग बोलू नोका."

जज झाला होता खताच्या दुकानाचा वीरेंद्र. काळा कोट वकिलाकडून मागून आणलेला, उंच टोपी पुठ्ठ्याची. मार्था झाली होती अंगणवाडीची मंजू. आमच्या झाडीपट्टीत नट पाठांतर करत नाहीत. स्टेजच्या पुढ्यात खड्डा असतो, त्यात बसून प्रॉम्प्टर वाक्य सांगतो आणि नट ते ठणकावून म्हणतो. खड्ड्यात अर्थातच मी होतो.

पहिला अंक कसाबसा पार पडला. दुसऱ्यात आकाशपाळणा सुरू झाला आणि पोरं पळाली. तिसऱ्या अंकात, खटला उभा राहायच्या वेळेला, अर्धी ताडपत्री रिकामी. उरलेले बिड्या फुंकत गप्पा हाणत होते. गुड्डूनं पडद्याची दोरी हातात घेतली.

माझं डोकं सणकलं. वहीत लिहिलं होतं, 'साक्षीदार मार्था'. ते हळूच सांगायचं होतं. पण एकतीस वर्षांचा गळा आपसूक उघडला आणि नावही सवयीचंच बाहेर पडलं.

"धुरपताबाई सुखराम बिसेऽऽन, हाजीर हैऽऽ!"

जमिनीपायी कोर्टाची पायरी न चढलेलं घर आमच्या गावात नाही. बिड्या विझल्या. जाणारे जागच्या जागी थबकले. आणि बायकांच्या बाजूनं धुरपताबाई पदर सावरत उठली.

"हाजीर!"

ती थेट स्टेजवर चढली. मंजू शहाणी, गुपचूप बाजूला झाली. वीरेंद्रनं घाबरून खड्ड्यात पाहिलं. मी वही मिटली. गड्याला काही सुचेना, तेव्हा त्यानं मनानंच विचारलं, "बाई, काय म्हननं हाय तुमचं?"

अकरा वर्षांत हे तिला कोणी विचारलं नव्हतं.

"जजसाहेब, धुरा माया हाय," धुरपताबाई म्हणाली. आवाज आधी कापला, मग लागला. "ज्याचा धुरा त्याची तूर, हे साऱ्या गावाले ठाऊक हाय. लगन होऊन आलो तवापासून त्या धुऱ्यावर तूर मी लावतो, मीच कापतो. कैलाशभाऊनं कधी एक दाना तरी लावला का, इचारा त्याले. तो पाहा, जिलेबी खाऊन राहिला."

सगळ्या माना वळल्या. कैलाशचा हात जिलेबीसकट तोंडापाशी थांबला.

"लावली होती का गा?" स्टेजवरून वीरेंद्र गरजला.

कैलाशनं खाली पाहिलं. हळूच मान हलवली. नाही.

वीरेंद्रनं हातोडा म्हणून आणलेली धुण्याची मोगरी टेबलावर हाणली. "धुरा धुरपताबाईचा! अख्खा!"

शिट्ट्या, टाळ्या, आरडाओरडा. आकाशपाळण्यातली पोरंसुद्धा धावत परत आली. मी खड्ड्यात बसून रडत होतो, सांगायला लाज कसली?

पण नाटक अजून बाकी होतं. मी सांगितलं तसं वीरेंद्रनं म्हटलं, "या निकालापायी मी निवडनूक हरलो."

"काऊन हरशील?" मागून कोणीतरी ओरडलं. "आमी हाओत ना! करा हात वर!"

अख्खी मंडई हात वर करून उभी. गुड्डूनं दोरी सोडून हात वर केला. रुख्मिणीनं तर दोन्ही. पुस्तकातला कोल हरला होता, हे मला पक्कं ठाऊक होतं. मी खड्ड्याबाहेर आलो आणि होता नव्हता तेवढा दम लावून पुकारलं, "एझ्रा कोल, निवडून आला हैऽऽ!"

या पावसाळ्यात मी मुद्दाम धुरपताबाईच्या शेताकडून गेलो. या टोकापासून त्या टोकापर्यंत अख्ख्या धुऱ्यावर तूर उभी होती. समोरून कैलाश येत होता. तुरीला पाय लागू नये म्हणून बिचारा तिरपा तिरपा चालत होता.