सदूचा रकाना

रत्नागिरीत राम आळीत चष्म्याचं दुकान चालवून मला एकतीस वर्षं झाली. माणसांची नावं विसरतो, नंबर विसरत नाही. नजर कमी झाल्याचा दोष कोण कुणाला देतो, हेही माझ्याकडे नोंदलेलं असतं. पुरुष छापखान्याला देतात, बायका ट्यूबलाइटला. आप्पा भाटकरांनी मात्र डॉक्टरला दिला, तोही उलटा.

उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन होऊन महिना झाला होता. भर दुपारी आले, छत्री काउंटरवर आडवी ठेवली आणि म्हणाले, "भिंग चुकीचं बसवलान त्याने."

"दिसत नाही का?"

"जास्त दिसतं."

"एकतीस वर्षांत ही तक्रार पहिलीच हां, आप्पा."

"थट्टा नको रे. दहाव्या हिश्शाचा प्रश्न आहे."

आप्पांचे प्रश्न दहाव्या हिश्शाचेच असतात. कॉलेजात फिजिक्सच्या प्रयोगशाळेत सहाय्यक होते, रिटायर झाले. भाट्याच्या चढावर स्लॅबचं घर, घरात एकटे, आणि गच्चीवर आठ इंची दुर्बीण. तिचा आरसा त्यांनी आणि सदू नागवेकरने एका उन्हाळ्यात हाताने घासून केला. सदू जहाजावर सुकाणी होता. घरी परतलेल्या खलाशाने नारळ लावावेत की नाही? याने आप्पांच्या गच्चीत मुक्काम टाकला.

दोघांनी आख्ख्या आभाळातून एकच गोष्ट निवडली होती. सप्तर्षींच्या शेजारच्या श्यामशबल तारकासमूहातली एक दीर्घिका, पाच कोटी प्रकाशवर्षं लांब. तिच्या गाभ्यात कृष्णविवर आहे. त्यात काहीबाही पडत असतं, आणि जसं पडेल तसा गाभा महिन्यामहिन्याला कमीजास्त उजळतो. तो किती उजळलाय हे बाजूच्या दोन ताऱ्यांशी ताडून ठरवायचं आणि आकडा लिहायचा. आकडा मोठा तितका उजेड कमी, हे मला आप्पांनी तीनदा समजावलं होतं.

त्यांचा नियम कडक. एकाने बघायचं, चिठ्ठी लिहून आपल्या करवंटीखाली ठेवायची. मग दुसऱ्याने. तोंडातून आकडा काढायचा नाही, नाहीतर दुसऱ्याची नजर त्याच्यामागे जाते. दोन्ही करवंट्या एकदम उचलायच्या आणि वहीत दोन रकान्यांत लिहायचं, आ आणि स. एकोणीस वर्षं त्यांच्यात एका दशांशापेक्षा जास्त फरक पडला नव्हता. नवराबायकोचे नंबरसुद्धा इतके जुळलेले मी बघितले नाहीत.

मग सदू मुंबईला लेकीकडे जाऊन दोन्ही डोळ्यांचा मोतीबिंदू काढून आला. त्यानंतर दोघं पहिल्यांदा गच्चीत बसले तो बावीस सालचा फेब्रुवारी. आप्पांची चिठ्ठी अकरा पूर्णांक सात, सदूची अकरा पूर्णांक तीन. दुसऱ्या वेळेस तेच, पाचव्यांदाही तेच. सहाव्यांदा आप्पा म्हणाले, "कापलेल्या डोळ्याचं धरायचं नाही."

सदू म्हणाला, "माझ्या डोळ्यावर तीस वर्षं जहाजं चालली, मेल्या. तू प्रयोगशाळेत बाटल्या धुतल्यास."

आणि आपली करवंटी घेऊन जिना उतरला. पावसाआधी घराला कुलूप लावून त्याच लेकीकडे, नम्रताकडे भाईंदरला गेला तो गेलाच.

आप्पांनी बघणं सोडलं नाही. त्यांचे आकडे वर्षावर्षाला वाढत गेले, म्हणजे दीर्घिका मंद होत चालली होती. अकरा आठ, अकरा नऊ, बारा. तिचं मावळणं आपण एकट्याने टिपलं याचा त्यांना थोडा अभिमान होता. आणि आता नव्या डोळ्याला ती अचानक अकरा चार दिसायला लागली. डावा डोळा त्याच रात्री बारा सांगत होता.

"आता कुठलं खरं धरू?" आप्पा म्हणाले. चेहरा असा, की पुढचा विनोद मी गिळला.

त्यांच्या डोळ्यांवर तपासणीची फ्रेम चढवली. हातात निळ्या टोपणाचं पेन दिलं. "एकेक डोळा झाका. कसं दिसतं?"

"उजव्याने निळं. डाव्याने... शेवाळलेलं."

मग उजव्यापुढे पिवळी काच सरकवली.

"आता?"

"सारखं," आप्पा म्हणाले. "दोन्हीकडे सारखं."

"मोतीबिंदू पिकतो तसा डोळ्याच्या आत असा पिवळा पडदा धरतो, आप्पा. निळा उजेड अडवतो, पिवळा सोडतो. तुमचा तो गाभा कुठल्या रंगाचा?"

"निळसर."

"आणि ज्यांच्याशी ताडता ते तारे?"

"पिवळट," आप्पा म्हणाले. पेन त्यांनी टोपण वर करून काउंटरवर नीट ठेवलं. मग म्हणाले, "म्हणजे सदूचे बरोबर होते."

"आणि त्याआधी एकोणीस वर्षं जुळत होते ते..."

"दोघांचे मोतीबिंदू बरोबरीने पिकत होते म्हणून," आप्पांनी वाक्य पुरं केलं. "कळलं."

मला तेवढ्यावर थांबायला हवं होतं. पण जुनी कार्डं काढून बघायची खोड. बावीसच्या जानेवारीत, ऑपरेशननंतरचा वाचायचा चष्मा घ्यायला सदू माझ्याकडेच आला होता. त्याच्या कार्डावर माझ्याच अक्षरात लिहिलेलं: निळं फार निळं दिसतं म्हणतात. तेव्हा मी त्याला हसून म्हटलं होतं, या वयात शर्टाचे रंग कशाला बघतोस. मी कार्ड आप्पांपुढे केलं. त्यांनी ते दोनदा वाचलं.

"तू तेव्हा सांगितलं असतंस तर?"

"तुम्ही विचारलं नाहीत," मी म्हटलं. खरं होतं, पण बोलून बरं वाटलं नाही.

डाव्या डोळ्याच्या ऑपरेशनची तारीख वीस एप्रिल होती. आप्पांनी ती रद्द केली. डॉक्टर वैतागून मला म्हणाले, तुमच्या म्हाताऱ्याला समजवा. समजवायला म्हणून मी एका संध्याकाळी दुकान बंद करून भाट्याला गेलो.

गच्चीत दोन खुर्च्या होत्या. एक बसून बसून खोलगट झालेली, दुसरी झाडूनपुसून ठेवलेली. मी दुसरीत बसणार तेवढ्यात आप्पा म्हणाले, "इथे बस," आणि स्वतःची दिली. दुर्बिणीशेजारी दोन करवंट्या, एक जुनी गुळगुळीत, एक ताजी, शेंडीचे धागे असलेली.

आप्पांनी डाव्या डोळ्यावर रुमाल बांधला, बघितलं, चिठ्ठी लिहून नव्या करवंटीखाली ठेवली. गच्चीच्या दोन फेऱ्या मारल्या. रुमाल उजव्यावर बांधला, बघितलं, चिठ्ठी जुनीखाली.

"उजवा सदू, डावा मी," ते म्हणाले. "डावा किती खोटं बोलतो ते पक्कं कळल्याशिवाय तीन वर्षांचे आकडे दुरुस्त कसे करू? पावसापर्यंत वीस रात्री मिळाल्या की डॉक्टरला म्हणावं काप."

मलाही बघायला दिलं. धुरकट डाग, त्याच्या मधोमध सुईच्या टोकाएवढा ठिपका.

"एवढ्यासाठी भांडलात?"

"एवढ्यासाठीच जमायचो," आप्पा म्हणाले.

वही उघडी होती. स च्या रकान्यात प्रत्येक तारखेपुढे एकच शब्द: गैरहजर. मी पानं चाळत मोजले. एकशे एकेचाळीस. शाळेतसुद्धा इतके दिवस न आलेल्या पोराचं नाव पटावरून काढतात.

सदूचा मोबाइल माझ्या फोनमध्ये होताच. लावला आणि स्पीकरवर टाकला. आप्पांनी नको म्हणून हात हलवला, पण उठून गेले नाहीत.

"कोण?"

"चष्मेवाला, रत्नागिरीहून. आप्पा बोलतायत."

पलीकडे टीव्ही चालू होता. तो बारीक झाला.

"सदू," आप्पा म्हणाले.

"बोल."

"उजवा डोळा काढलान माझा. मोतीबिंदू."

"मग?"

"तुझे आकडे बरोबर होते. सगळे. लाल शाईने तसं लिहिलंय. नऊ फेब्रुवारीपासून."

"आठपासून. नऊला ढग होते."

आप्पांनी पान उलटून बघितलं. "आठ. हो, आठ."

मग सदूने विचारलं, "आज किती आहे?"

"आधी तुझा सांग."

"इथून? खिडकीसमोर टॉवर उभा केलानी, मेल्या. सप्तर्षीसुद्धा दिसत नाहीत."

"मग ये ना मे महिन्यात. आंबे आहेत."

"गुडघे गेले, आप्पा. घरातल्या घरात काठी लागते. तुझ्या गच्चीला एकवीस पायऱ्या."

"बावीस."

"बघ. एक वाढली." सदू हसला, मग खोकला आला. "चल, पानं घेतली आहेत. नम्रता हाक मारत्ये."

फोन बंद झाला. आप्पांनी दोन्ही करवंट्या उचलल्या, दोन्ही आकडे आपल्याच आ च्या रकान्यात लिहिले. पेन स च्या रकान्यावर आलं. सवयीने 'गैर' लिहून झालं, तिथे थांबलं. आप्पांनी ते खोडलं आणि त्याच्यापुढे लिहिलं: ढग.

मी वर बघितलं. आभाळ क्षितिजापर्यंत मोकळं होतं, खाली समुद्रात बोटींच्या दिव्यांची रांग. चुकीची नोंद दिसली की मी बोट ठेवतो. कुणाचीही असो, ठेवतोच. त्या दिवशी ठेवलं नाही.

आप्पांनी पान मागे उलटलं. आदल्या रात्रीचं गैरहजर खोडलं, ढग लिहिलं. त्याच्या आदलंही. मी चपला घालून जिना उतरलो तेव्हा ते मार्चपर्यंत पोहोचले होते.