खिळ्यावर राहिलेली डबी

राजय्यावर अन्याय झाला तो दुष्काळाच्या दुसऱ्या वर्षी, ज्येष्ठातल्या एका सोमवारी, सकाळची पाळी सुरू होताना. तो त्याच्याच हातून झाला, म्हणून कुणी गुन्हेगार शोधला नाही. मी शोधतो आहे.

आधी त्याचा उजवा हात पाहा. पेरापेरांत सुताचे तंतू मुरलेले, तळवा घासून घासून घोटीव झालेला. सोलापूरच्या गिरणीत वीस वर्षं हा हात रोज पहाटे एकाच उंचीपर्यंत उचलला गेला. दारापाशी खिळ्यांची लाकडी फळी होती. आत शिरताना प्रत्येकाने आपला पितळी बिल्ला आपल्या खिळ्याला अडकवायचा, सुटताना काढून घ्यायचा. खिळ्यावर बिल्ला, म्हणजे माणूस कामावर. भोंग्याचा दीर्घ हुंकार विरता विरता शेकडो बिल्ल्यांची किणकिण उठे, आणि तिरप्या कोवळ्या उन्हात ती फळी देवामागच्या प्रभावळीसारखी उजळे. मागांच्या खडखडाटाने राजय्याचे कान पुढे अर्धे गेले, तरी त्या किणकिणीतली आपली किण त्याला ओळखू येई, असं तो सांगतो. मला वाटतं, ती त्याच्या बोटांना ऐकू येत असावी.

मग धरणं आटली. वीज तुटली, पाळ्या तुटल्या, माग उभ्या जागी मुके झाले. फुफाट्याच्या त्या दिवसांत एका ठेकेदाराचा माणूस पेठेत आला: दूर परमुलखातल्या अणुवीज केंद्रात दुरुस्तीच्या काळात पुसापुशीला माणसं हवी होती. ज्या विजेवाचून माग थांबला, ती पावसाची वाट न पाहता जिथे जन्मते तिथेच विणकर चाकरीला निघाला. यातलं काव्य मलाही दिसतं. पण ते चावतं. देशाला वीज हवी हे मला कुणी शिकवू नये, अंधारातले माग मी पाहिले आहेत. मेघांना न जुमानणारी वीज हवीच असेल. पण तिच्या उदरातल्या नळ्या पुसणाऱ्याला चार वाक्यं त्याच्या भाषेत सांगायला किती वीज लागते?

तिथे त्याला एक चपटी डबी मिळाली, आत फिल्मचा तुकडा. अंगावर अदृश्य किरण किती पडले हे ती फिल्म काळी पडून सांगते. म्हणून डबी छातीवर लावूनच आत जायचं. हे भिंतीवर लिहिलं होतं, इंग्रजीत. ठेकेदाराच्या माणसाने डबी हातावर ठेवली आणि तो विडी ओढायला गेला. दारापाशी खिळ्यांची फळी होती. ती सुटल्यावर डब्या ठेवायला होती. राजय्याने फळी पाहिली, तिच्यावर आपला नंबर पाहिला, आणि वीस वर्षांच्या इमानाने डबी खिळ्याला अडकवून आत गेला. अकरा आठवडे, रोज.

परतला तेव्हा चेहऱ्यावर राखेची कळा होती. भाकरी नको वाटे, दुपारीच निजे. डॉक्टर म्हणाले, कशानेही असेल. मी गिरणी कामगारांची पत्रकं लिहिणारा. मी केंद्राला अर्ज लिहिला, याच्या अंगावर किती किरण पडले ते कळवा. पौषात उत्तर आलं. त्याच्या दारात उभा राहून मी ते ओरडून वाचलं, कारण हळू बोललेलं त्याला ऐकू येत नाही: "शून्य!"

त्याची बायको नरसम्मा साखर घेऊन आली. "साळंत शून्य मिळालं की मार बसायचा," ती म्हणाली, "हितं साखर वाटायची व्हय?"

"पास झालो की गं!" राजय्या म्हणाला.

गल्ली हसली. मीही हसलो, आणि तशाच मोठ्या आवाजात सहज विचारलं, "डबी सदऱ्याला कुठे लावायचा, मामा? खिशाला?"

"सदऱ्याला कशाला? खिळ्याला."

"आत जाताना?"

"आत जातानाच की. न्हाईतर हजेरी कशी लागंल?"

साखर माझ्या जिभेवर विरघळेना. त्या शून्यात तो नव्हताच. अकरा आठवडे एका भिंतीने किती किरण सोसले, एवढंच त्या कागदाला ठाऊक होतं. मी सावकाश, हातवारे करून समजावलं. त्याचा हात छातीवर गेला आणि तिथे चाचपडत राहिला. फळी नसलेल्या भिंतीवर खिळा शोधावा तसा.

"तितं भ्या वाटलंच न्हाय," तो म्हणाला. "कसला आवाजच न्हाय की. मागाचा धोटा उडून डोळ्यावर येतो, तवा आदी आवाज देतो."

"मग किती पडलं असंल?" नरसम्माने मला विचारलं. तिच्या मुठीत उरलेली साखर ओली झाली होती.

त्या प्रश्नानंतर मला भीती वाटते ती दुखण्याची नव्हे. दुखण्याला निदान नाव असतं. मला भीती वाटते त्या निःशब्द, निर्गंध शुभ्रतेची, जी कागदावर उतरून म्हणते की काही झालंच नाही. मी दुसरा अर्ज केला. उत्तर एका ओळीचं: नोंद आहे ती आहे. आणि ठेकेदाराच्या नव्या यादीत राजय्याचं नाव सर्वांत वर लागलं. किरणांचा ठरलेला वाटा भरला की माणसाला परत घेत नाहीत; कोरी फिल्म असलेला माणूस पुन्हा चालतो.

मी अडवलं. गिरणी अजून आठवड्यातून दोनच दिवस बोलावते, हे त्याने मला बोटांनी दाखवलं. "आता छातीवर लावतो की," म्हणाला, लहान मुलाची समजूत घालावी तसा. पण आधीचे अकरा आठवडे कुणाच्या छातीवर लावायचे? शिवरात्र झाल्यावर तो पुन्हा केंद्रावर कामाला गेला. गिरणीचा पितळी बिल्ला नरसम्माने दाराआडच्या खिळ्याला अडकवला आहे. वाऱ्याने तो किणकिणतो, तेव्हा ती चुलीपासून मान वळवून पाहते. खिळ्यावर बिल्ला, म्हणजे माणूस कामावर.

काळ माणसाला हळूहळू पुसतो, ते आपण सोसतो. इथे माणूस हजर असतानाच पुसला गेला. हे वाचणाऱ्यांत कुणी इंजिनिअर असाल, कुणी कारकून, कुणाचा मेहुणा त्या खात्यात साहेब असेल. मला हळहळ नको. केंद्राची ती किरणांची नोंदवही उघडायला लावा. राजय्याच्या नावापुढचं शून्य खोडा, आणि तिथे लिहा: माहीत नाही. उद्याच्या पाळीला तो पुन्हा आत जाण्याआधी लिहा.