दुखवट्यातलं सोंग

मला भोचकपणा जन्मजात. माझे सासरे राजाभाऊ, आमचे बाबा, मोखाड्याहून स्टुटगार्टला आल्यापासून रोज फोनवर कुणाला "बघू, सांगतो" म्हणतात, हे मी पहिल्याच आठवड्यात शोधून काढलं. फोन त्यांच्या पुतण्याचा, दत्ताचा. गावच्या बोहाड्यात, म्हणजे देवांच्या सोंगांच्या उत्सवात, नरसिंहाच्या सोंगाचा मान आमच्या घराचा. मुखवटा घालून बाबाच नाचतात. पण दिवाळीत सासूबाई गेल्या. "दुखवट्याच्या घरानं वर्षभर नाचायचं नाही," असं बाबांचं म्हणणं. नाही म्हटलं की मान दुसऱ्या घरी जाणार, आणि गेलेला मान परत येत नाही. त्यांना ना हो म्हणवत होतं, ना नाही. माणूस आतल्या आत वाळत चालला होता, आणि मला त्यांची फार काळजी वाटायची.

म्हणून शनिवारी त्यांना एस-बानमध्ये, इथल्या लोकलमध्ये, घातलं आणि म्युझियममध्ये नेलं. आफ्रिकेतल्या मालीमधून डोगोन लोकांचं पथक आलं होतं. लाल झालरी, लाकडी मुखवटे, त्यांवर उंच फळ्या. नर्तक कमरेतून असा गर्रकन वाकायचा की फळीचं टोक जमिनीला घासायचं.

"अगं, मान मोडेल याची!" बाबा खुर्चीच्या कडेवर आले होते. पाय ताल धरत होते.

नाच संपताच बाबा उठले आणि थेट एका मुखवट्याच्या पाया पडले. आमच्याकडे सोंग म्हणजे देवच. इथे मात्र नर्तक दचकून मागे सरला. पथकाचे म्हातारे प्रमुख लगबगीनं आले. मुखवट्यापासून लांब राहायचं, बायकांनी तर फारच, असं दुभाष्या मुलीनं जर्मनमध्ये सांगितलं. मी ओशाळून मागे झाले, पण तोंड कुठे गप्प बसतंय! हा नाच असतो तरी कशासाठी, मी विचारलंच.

प्रमुखांचं उत्तर मुलीनं मला जर्मनमध्ये सांगितलं, तशी बाबांनी माझी बाही ओढली.

"काय म्हणतात गं?"

"बाबा, यांच्याकडे माणूस गेला की नाचतात. लगेच नाही, कधी काही वर्षांनीही. गेलेल्याचा जीव गावातच घुटमळतो म्हणे. मुखवटे नाचून त्याला वाटेला लावतात. मग दुखवटा संपतो."

"आणि नाचलंच नाही तर?"

मी विचारलं. म्हाताऱ्यानं बाबांकडे पाहत उत्तर दिलं.

"तर तो अडकून राहतो."

बाबा बाहेर पायरीवर जाऊन बसले आणि त्यांनी स्वतःहून फोन लावला.

"दत्ता, नरसिंह मीच नाचणार. लोकांना काय म्हणायचं ते म्हणू देत." मग हळूच म्हणाले, "तुझी काकू अजून घरातच आहे रे. मीच तिला अडवून धरलंय."